शाळेचा पैसा आणि मुलाचा हक्क: सोलापूरच्या पालकांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

प्रवेशाचे दिवस आले की पूर्व भागातल्या आमच्या घरी संध्याकाळी माणसं येतात. कुणाच्या हातात जन्मदाखला असतो, कुणाच्या रेशनकार्ड, कुणी नुसताच मोबाईल पुढे करतं, "ताई, हा मेसेज काय म्हणतोय बघा." मी वकील नाही. मुलगी महापालिकेच्या शाळेत होती तेव्हा शाळा व्यवस्थापन समितीत निवडून गेले आणि तिथे कागद वाचायची सवय लागली. तेच तेच प्रश्न पुन्हा पुन्हा येतात, म्हणून उत्तरं इथे एका जागी लिहून ठेवते आहे.

आधी एक गाठ सांगते, कारण बहुतेक प्रश्न तिच्यापाशीच येऊन अडकतात. शिक्षणाचा हक्क कायद्याने मुलाच्या नावावर लिहिला आहे, पैसा मात्र शाळेच्या पटावर येतो. मूल पटावर नसलं की हक्क कागदावर राहतो, आणि शाळेचा शिक्षकही जातो.

सरकारी शाळा फुकट असते म्हणतात. मग खर्च करतं कोण?

आपणच करतो. विडी वळणारी बाई आयकर भरत नसेल, पण साबण घेताना, चप्पल घेताना ती कर भरतेच. त्यामुळे झेडपीच्या किंवा महापालिकेच्या शाळेत मूल घालणं म्हणजे कुणाचे उपकार घेणं, हा संकोच आधी मनातून काढा.

आता पैशाची वाट. राज्यघटना लागू झाली तेव्हा शिक्षण हा राज्यांचा विषय होता. १९७६ साली ४२व्या घटनादुरुस्तीने तो समवर्ती सूचीत गेला, म्हणजे केंद्र आणि राज्य दोघांनाही त्यावर कायदा करता येऊ लागला. २००२ च्या ८६व्या दुरुस्तीने कलम २१-क आलं: ६ ते १४ वयाच्या प्रत्येक मुलाला मोफत आणि सक्तीचं शिक्षण हा मूलभूत हक्क. तो अमलात आणणारा कायदा २००९ साली झाला आणि १ एप्रिल २०१० पासून लागू झाला. आपण ज्याला आरटीई म्हणतो तो हाच. त्याच्या कलम ७ मध्ये खर्चाची जबाबदारी केंद्र आणि राज्य दोघांवर टाकली आहे.

प्रत्यक्षात शिक्षकांच्या पगाराचा मोठा भार राज्य उचलतं. केंद्राचा पैसा मुख्यतः समग्र शिक्षा योजनेतून येतो. ही योजना २०१८ साली सर्व शिक्षा अभियान, माध्यमिक शिक्षा अभियान आणि शिक्षक प्रशिक्षणाची योजना एकत्र करून झाली. महाराष्ट्रात तिचं प्रमाण ६०:४० आहे, म्हणजे केंद्राचे ६० आणि राज्याचे ४०. राज्याने आपला वाटा वेळेवर घातला नाही तर केंद्राचा पुढचा हप्ता रखडतो. "वरून पैसेच आले नाहीत" असं मुख्याध्यापक सांगतात तेव्हा ते बऱ्याचदा खरं असतं. पण "वरून" म्हणजे नेमकं कुठून, हे विचारायला शिका.

आयकरावर ४ टक्के आरोग्य आणि शिक्षण उपकर लागतो. २००४ मध्ये शिक्षण उपकर सुरू झाला तेव्हा तो २ टक्के होता. उपकराची रक्कम राज्यांना वाटून द्यायच्या करांच्या वाट्यात धरली जात नाही. केंद्र ती स्वतःकडे ठेवतं आणि योजनांमधून खाली पाठवतं. म्हणून शिक्षणाच्या नावाने गोळा झालेल्या पैशावरही शाळेला हक्काने नव्हे, योजनेच्या अटींवर हात ठेवता येतो. मला ही रचना पटत नाही.

१८८२ साली इंग्रज सरकारच्या शिक्षणविषयक हंटर आयोगापुढे जोतीराव फुल्यांनी हेच मांडलं होतं: सरकारचा महसूल येतो शेतकऱ्याच्या घामातून आणि शिक्षणावरचा खर्च होतो वरच्या वर्गांसाठी. कोठारी आयोगाने (१९६४ ते ६६) राष्ट्रीय उत्पन्नाच्या ६ टक्के खर्च शिक्षणावर करा म्हटलं. १९८६ च्या धोरणानेही तेच म्हटलं, २०२० च्या धोरणानेही. तो आकडा देशाने अजून गाठलेला नाही.

आमच्या वस्तीवरच्या शाळेत पूर्वी तीन शिक्षक होते, आता दोनच राहिले. असं का?

पट कमी झाला असणार. आरटीईच्या परिशिष्टात हिशेब दिला आहे. पहिली ते पाचवीला ६० पर्यंत मुलं असतील तर दोन शिक्षक, ६१ ते ९० असतील तर तीन, आणि असं पुढे. सहावी ते आठवीला दर ३५ मुलांमागे किमान एक शिक्षक. १५० च्या वर पट गेला की प्राथमिक शाळेला स्वतंत्र मुख्याध्यापक मिळतो.

हा हिशेब दरवर्षी संच मान्यतेत, म्हणजे शाळेची शिक्षकपदं मंजूर करताना, होतो. त्यासाठी ३० सप्टेंबरचा पट धरतात आणि त्यातही ज्या मुलांचं आधार जुळलं आहे तीच मोजली जातात. आता बघा, ६१ मुलांची शाळा आहे आणि एका मुलाच्या आधारवर नाव "श्रीशैल" तर शाळेत "श्रीशैल्य" आहे. आधार जुळलं नाही, पट ६० झाला, एक शिक्षक अतिरिक्त ठरला. एका काना-मात्रेपायी साठ लेकरांचा गुरुजी जातो.

म्हणून माझी कळकळीची विनंती: जून-जुलैमध्येच शाळेत जाऊन आपल्या मुलाचं नाव, जन्मतारीख आणि आधार जुळतं का ते पाहून घ्या. शिक्षकाने सांगितल्यावर "उद्या बघू" म्हणू नका.

आम्ही ऊसतोडीला कारखान्यावर आलोय. मुलांना इथल्या शाळेत घेतील का? दाखला गावाकडेच राहिलाय.

घ्यावंच लागतं. हे उत्तर जरा लांबवते, कारण आपल्या जिल्ह्यात याहून मोठा प्रश्न मला दिसत नाही.

सोलापूर जिल्ह्यात साखर कारखाने दाट आहेत. दसरा-दिवाळी झाली की माळशिरस, माढा, पंढरपूर, मोहोळ, करमाळा भागात उसाच्या फडाच्या कडेला कोप्या (झोपड्या) उभ्या राहतात. मुकादमाची उचल (आगाऊ रक्कम) घेऊन बीडकडून, मराठवाड्यातून टोळ्या येतात, बरोबर लेकरंही येतात. मोठी मुलगी धाकट्याला सांभाळते, आणि तिची शाळा तिथेच सुटते.

कायदा या मुलीच्या बाजूने स्पष्ट आहे. वयाचा पुरावा नाही म्हणून प्रवेश नाकारता येत नाही (कलम १४). प्रवेशाची मुदत संपली असं सांगता येत नाही (कलम १५). मधे शाळा सुटली असली तरी तिला वयानुरूप वर्गात बसवायचं आणि मागे पडलेलं भरून काढायला विशेष प्रशिक्षण द्यायचं (कलम ४). दुसऱ्या शाळेतून दाखला यायला उशीर झाला, हे प्रवेश न देण्याचं कारण होऊ शकत नाही (कलम ५). स्थलांतर करणाऱ्या मुलांसाठी महाराष्ट्रात शिक्षण हमी पत्रक आहे. गाव सोडताना शाळेतून ते मागून घ्या, जिथे जाल तिथल्या शाळेत दाखवा. आणि मुलांना गावातच आजी-आजोबांकडे ठेवायचं असेल तर गावात हंगामी वसतिगृहाची सोय होते का, हे दिवाळीच्या आधी शाळा व्यवस्थापन समितीत विचारा. कोपी बांधून झाल्यावर विचारून उपयोग नसतो.

आता पैशाची बाजू. पट मोजतात ३० सप्टेंबरला, टोळ्या निघतात त्यानंतर. म्हणजे मुलगी मोजली गेली बीडच्या गावात आणि शिक्षकाचं पदही तिथेच मंजूर झालं. ती बसलीय मात्र माळशिरसच्या फडावर, आणि इथल्या शाळेला तिच्यासाठी ना वाढीव शिक्षक, ना जास्तीचं बाक. इथले गुरुजी तिला घेतात ते बहुतेक स्वतःच्या मायेपोटी. हक्क मुलीबरोबर प्रवास करतो, पैसा मात्र गावीच राहतो. हंगामातल्या हजेरीवर तात्पुरता शिक्षक आणि तात्पुरता निधी द्यायची तरतूद झाली पाहिजे, हे मी दर बैठकीत बोलते आणि बोलत राहणार.

२५ टक्क्यांच्या कोट्यात कोण बसतं?

खाजगी विनाअनुदानित शाळांनी प्रवेशाच्या पहिल्या वर्गातल्या किमान २५ टक्के जागा वंचित आणि दुर्बल घटकांतल्या मुलांना द्यायच्या, असं आरटीईचं कलम १२(१)(ग) सांगतं. सर्वोच्च न्यायालयाने २०१२ साली हे कलम वैध ठरवलं.

आपल्या राज्यात वंचित घटकात अनुसूचित जाती, अनुसूचित जमाती, विमुक्त जाती, भटक्या जमाती, इतर मागास, विशेष मागास, दिव्यांग मुलं वगैरे येतात. त्यांना उत्पन्नाची अट नाही. दर वर्षी कुणीतरी तहसीलच्या रांगेत दोन दिवस घालवून उत्पन्नाचा दाखला घेऊन येतं आणि त्याची गरजच नसते. उत्पन्नाचा दाखला लागतो तो आर्थिक दुर्बल घटकाला, वार्षिक १ लाखाच्या आतला.

अर्ज ऑनलाइन असतो, दहापर्यंत शाळा निवडता येतात, मग सोडत निघते. शाळेपासून घराचं अंतर महत्त्वाचं, आधी एक किलोमीटरच्या आतले, मग तीनपर्यंतचे. नकाशावर घराचा ठिपका स्वतः बसून बरोबर लावा. गेल्या खेपेला एका यंत्रमाग कामगाराचा ठिपका सायबर कॅफेवाल्याने घाईत आपल्या दुकानावरच ठेवला होता. पडताळणीत अंतर जुळेना, लागलेला नंबर गेला. बाप माझ्यासमोर बसून रडला.

सरकारी शाळा जवळ असेल तर आरटीईतून खाजगी शाळा मिळत नाही, असं ऐकलं. खरं का?

आता नाही. ९ फेब्रुवारी २०२४ ला राज्य सरकारने नियम बदलला होता. एक किलोमीटरच्या आत सरकारी किंवा अनुदानित शाळा असेल तर त्या खाजगी शाळेला २५ टक्क्यांतून सूट दिली होती. सोलापूर शहरात एक किलोमीटरच्या आत अशी शाळा नाही असा कोपरा शोधावा लागेल, म्हणजे कोटा जवळजवळ बंदच झाला असता. मे २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने त्या बदलाला स्थगिती दिली आणि १९ जुलै २०२४ ला तो रद्द केला. पुढे सर्वोच्च न्यायालयानेही त्यात हस्तक्षेप केला नाही. राज्याचा नियम संसदेच्या कायद्याने दिलेला हक्क कापू शकत नाही, हे त्यातून पक्कं झालं.

शाळा म्हणते, "सरकारने तुमच्या मुलाचे पैसे दिले नाहीत, तुम्ही भरा." भरायचे का?

नाही. अजिबात नाही.

कलम १२(२) प्रमाणे सरकारने शाळेला प्रतिपूर्ती द्यायची असते. सरकार एका मुलामागे जेवढा खर्च करतं तेवढी, किंवा शाळेची प्रत्यक्ष फी, यातली जी रक्कम कमी असेल ती. महाराष्ट्रात हा दर वर्षाला १७,६७० रुपये धरला गेला. कोरोनाच्या काळात शाळा ऑनलाइन होत्या तेव्हा तो ८,००० केला होता. ही रक्कम शाळांना वर्षानुवर्षं थकीत मिळते, हे खरं आहे. छोट्या, प्रामाणिक शाळांची त्यात ओढाताण होते हेही खरं, आणि संस्थाचालकांनी त्यासाठी सरकारशी भांडावं, आपण त्यांच्या बाजूने उभं राहू. पण तो व्यवहार शाळा आणि सरकार यांच्यातला आहे. सहा वर्षांच्या पोराला वर्गाबाहेर उभं करून तो सुटत नाही.

शिक्षण पूर्ण करण्यात अडथळा ठरेल असं कोणतंही शुल्क किंवा खर्च मुलाला भरायला लावता येत नाही, असं कलम ३ सांगतं. या मुलांना वेगळ्या तुकडीत, वेगळ्या वेळेला बसवणंही चालत नाही.

नंबर लागला नाही. आम्ही स्वतः फी भरून खाजगीत घातलं तर सरकार पैसे परत देतं का?

नाही. आपल्या मर्जीने खाजगी शाळा निवडली तर त्या खर्चावर हक्क सांगता येत नाही, असं कलम ८ मध्येच लिहिलं आहे.

अनुदानित, अंशतः अनुदानित, स्वयंअर्थसहाय्यित म्हणजे काय? सगळ्या सारख्याच दिसतात.

पाटी नीट वाचा, फरक तिथे असतो.

अनुदानित शाळा संस्थेची असते, पण मंजूर शिक्षकांचे पगार सरकार देतं. त्याला वेतन अनुदान म्हणतात. वीज, खडू, झाडलोट यासाठी वेतनेतर अनुदान असतं, ते तुटपुंजं आणि उशिराचं. अंशतः अनुदानित म्हणजे २० टक्के, ४० टक्के असे टप्प्याटप्प्याने पगार मिळणारी शाळा. "कायम विनाअनुदानित" हा एक जुना प्रकार होता. त्यातला "कायम" शब्द २००९ साली काढला गेला, आणि तेव्हापासून त्या शिक्षकांची टप्पा अनुदानासाठी आझाद मैदानावरची वारी सुरू आहे. अर्ध्या पगारावर दहा-पंधरा वर्षं शिकवणारे शिक्षक मी पाहिले आहेत. सकाळी वर्ग घेऊन दुपारी टॉवेलच्या कारखान्यात हिशेब लिहिणारे. त्यांच्या वर्गातली मुलंही त्याच कायद्याखाली समान आहेत ना? स्वयंअर्थसहाय्यित शाळा २०१२ च्या राज्य कायद्याने आल्या. त्यांना सरकारी अनुदान नाही, कारभार फीवर चालतो.

अनुदानित शाळेने प्रवेशाला "इमारत निधी" मागितला. द्यायचा का?

देणगीच्या अटीवर प्रवेश देणं आरटीईच्या कलम १३ ने बंद केलं आहे. त्यासाठी घेतलेल्या रकमेच्या दहापटीपर्यंत दंड आहे. मुलाची किंवा आई-बापाची परीक्षा, मुलाखत घेऊन निवड केली तर पहिल्या वेळी २५,००० पर्यंत आणि त्यानंतर दर वेळी ५०,००० पर्यंत दंड. महाराष्ट्रात कॅपिटेशन फीविरुद्ध, म्हणजे प्रवेशासाठी घेतल्या जाणाऱ्या अशा देणगीविरुद्ध, १९८७ पासून स्वतंत्र कायदाही आहे.

आणि एक गोष्ट, जी फार कुणाला माहीत नसते. अनुदानित शाळेला जेवढ्या प्रमाणात सरकारी पैसा मिळतो तेवढ्या प्रमाणात, आणि किमान २५ टक्के, मुलांना मोफत शिकवणं तिच्यावर बंधनकारक आहे. कलम १२(१)(ख).

माझ्या शेजारणीकडून एका शाळेने असाच निधी घेतला. पावती मागितल्यावर "स्वेच्छा देणगी" अशी पावती फाडून दिली. तिने आठवडाभर रोज हजार विड्या वळून जमवलेले ते पैसे होते. स्वेच्छा कसली त्यात?

खाजगी शाळा दरवर्षी फी वाढवते. काही धरबंध आहे का?

आहे. २०११ चा शुल्क विनियमन कायदा. शाळेने फी आधी पालक-शिक्षक संघाच्या कार्यकारी समितीपुढे ठेवायची. या समितीत प्रत्येक इयत्तेचा एक पालक चिठ्ठ्या टाकून निवडतात, शाळेने मर्जीतला माणूस बसवायचा नाही. ठरलेली फी दोन शैक्षणिक वर्षं बांधील राहते. किमान २५ टक्के पालक एकत्र आले तर विभागीय समितीकडे दाद मागता येते. एकेकट्याने भांडून दमण्यापेक्षा आधी बाकीच्यांच्या दारात जा.

घरी तेलुगू बोलतो. मूल मराठी शाळेत घालायचं की तेलुगू?

याचं उत्तर घराने द्यायचं, मी नाही. कायदा काय म्हणतो ते सांगते. १९५६ मध्ये घटनेत कलम ३५०-क आलं. भाषिक अल्पसंख्याक मुलांना प्राथमिक टप्प्यात मातृभाषेतून शिकण्याची पुरेशी सोय करावी, असं ते राज्याला सांगतं. आरटीईचं कलम २९ ही शक्य तिथवर मातृभाषेतून शिकवा म्हणतं. आपल्या सोलापूरला हे पुस्तकी वाटायला नको. पद्मशाली घरांतली तेलुगू, अक्कलकोट-दक्षिण सोलापूरची कन्नड, उर्दू, मराठी, सगळ्या माध्यमांच्या शाळा इथे आहेत आणि या सगळ्या भाषांची पुस्तकं बालभारती काढते. २०२० च्या कायद्याने मराठी हा विषय सगळ्या माध्यमांत सक्तीचा आहे, त्यामुळे तेलुगू किंवा कन्नड माध्यम घेतलं म्हणजे मराठी सुटली असं होत नाही.

अडचण पुन्हा पटाचीच. कन्नड शाळेचा पट घसरला की तिचा शिक्षक जातो, शिक्षक गेला की उरलेले पालकही काढून घेतात. भाषेचा हक्क घटनेत आहे, पण पद मुलं मोजून मिळतं.

आमच्याजवळची चांगली शाळा आरटीईच्या यादीत दिसतच नाही.

ती अल्पसंख्याक दर्जाची असावी. धार्मिक किंवा भाषिक अल्पसंख्याकांना आपल्या संस्था चालवण्याचा हक्क घटनेचं कलम ३० देतं. २०१४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने अशा शाळांना, अनुदानित असो वा नसो, आरटीई लागू नाही असं ठरवलं. १ सप्टेंबर २०२५ ला दोन न्यायमूर्तींनी या निकालावर शंका घेऊन तो मोठ्या पीठाकडे पाठवण्यासाठी सरन्यायाधीशांपुढे ठेवला. भाषिक अल्पसंख्याकांच्या संस्था आपल्या शहरात जुन्या आणि बऱ्याच आहेत, त्यामुळे त्याचा परिणाम इथे जाणवेल.

मुलगा चालू शकत नाही. शाळा म्हणते, "आमच्याकडे सोय नाही, विशेष शाळेत न्या."

निवड तुमची आहे, शाळेची नाही. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्याप्रमाणे ४० टक्के किंवा जास्त दिव्यांगत्व असलेल्या मुलाला ६ ते १८ वयापर्यंत मोफत शिक्षणाचा हक्क आहे, जवळच्या शाळेत किंवा विशेष शाळेत, जे त्याला हवं ते. इतरांचा हक्क १४ ला संपतो, याचा १८ ला. रॅम्प, स्वच्छतागृह, मदतनीस, प्रवास भत्ता यासाठी समग्र शिक्षेत वेगळी तरतूद असते. तीव्र दिव्यांगत्व असेल तर घरी शिक्षणाचाही पर्याय आहे. दिव्यांगत्वाचं प्रमाणपत्र आधी काढा, पुढचं सगळं त्यावर चालतं.

कुंभारीला नवीन घर मिळालं. जुनी शाळा लांब पडली.

पूर्व भागातून कुंभारीकडे गेलेली कित्येक घरं हे विचारतात. विडी कामगारांची गोदूताई परुळेकर वसाहत तिथे आधीपासून आहे. जानेवारी २०२४ मध्ये रे नगरची १५,००० घरं दिली गेली, पूर्ण प्रकल्प ३०,००० घरांचा. हे एक नवं शहरच आहे. राज्याच्या नियमाने पहिली ते पाचवीची शाळा एक किलोमीटरच्या आत आणि सहावी ते आठवीची तीन किलोमीटरच्या आत हवी. नसेल तर काढणं हे सरकारचं आणि स्थानिक संस्थेचं काम आहे (कलम ६). काढेपर्यंत वाहतुकीची सोय करायची. आपल्या गल्लीतली ६ ते १४ वयाची मुलं मोजा, नावानिशी यादी करा, ती ग्रामपंचायतीत आणि गटशिक्षणाधिकाऱ्यांकडे पोच घेऊन द्या. वस्तीला शाळा हवी हे नुसतं बोलून पटत नाही, यादी लागते.

आमच्या शाळेला वर्षाला पैसे किती येतात, हे पालकांना कळू शकतं का?

कळलंच पाहिजे. समग्र शिक्षेतून सरकारी शाळेला संयुक्त शाळा अनुदान मिळतं, तेही पटावर. ३० पर्यंत मुलं असतील तर १०,००० रुपये, १०० पर्यंत २५,०००, २५० पर्यंत ५०,०००, १,००० पर्यंत ७५,००० आणि त्याच्या वर १ लाख. यातले किमान १० टक्के स्वच्छतेवर खर्च करायचे.

आता २८ मुलांच्या वस्तीशाळेचा विचार करा. १०,००० रुपयांत वर्षाचं वीजबिल, खडू, फिनेल, नळदुरुस्ती, फुटलेली कौलं. पावसाचं पाणी २८ मुलांच्या शाळेतही तेवढंच गळतं जेवढं २८० च्या शाळेत. पटावर पैसा हा हिशेब कागदावर समान वाटतो, पण लहान वस्तीला तो मारक आहे. शिवाय पैसे शाळेच्या खात्यात पडून राहत नाहीत, एकाच मुख्य खात्यातून खर्चाची मर्यादा मिळते. ती कधी मार्च तोंडावर आल्यावर मिळते आणि ३१ मार्चनंतर परत जाते. म्हणून मार्चच्या शेवटच्या आठवड्यात शाळांत रंगाचे डबे येतात आणि जूनमध्ये खडू नसतो.

यावर तुमच्या हातात एक साधन आहे, शाळा विकास आराखडा. शाळा व्यवस्थापन समितीत तीन चतुर्थांश सदस्य पालक असतात, निम्म्या महिला असाव्या लागतात. समितीने आराखडा करायचा आणि सरकारने किंवा स्थानिक संस्थेने त्याच आराखड्याच्या आधारे अनुदान द्यायचं, असं कलम २२ आहे. बहुतेक शाळांत तो कुठूनतरी नक्कल करून सह्या घेऊन जातो. सही करण्याआधी वाचा. मुलींच्या स्वच्छतागृहाला पाणी नाही, हे त्यात लिहिलं गेलं का बघा. आम्ही एका वर्षी ते हट्टाने लिहिलं, दोन वर्षं पाठपुरावा केला आणि टाकी बसली.

परितेवाडीच्या झेडपी शाळेतल्या रणजितसिंह डिसले गुरुजींना २०२० मध्ये जागतिक शिक्षक पुरस्कार मिळाला, ती शाळा याच आपल्या माढा तालुक्यातली. सरकारी शाळेत काय होऊ शकतं हे जगाने पाहिलं. पण प्रत्येक वस्तीवर असामान्य शिक्षकाची वाट बघत बसणं हे धोरण नव्हे.

दुपारचं जेवण ही मेहेरबानी की हक्क?

हक्क. २००१ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या आदेशाने शिजवलेलं जेवण बंधनकारक झालं आणि २०१३ च्या अन्नसुरक्षा कायद्यात ते आठवीपर्यंत लिहिलं गेलं. पाचवीपर्यंत रोज १०० ग्रॅम धान्य, पुढे १५० ग्रॅम. डाळीचं पाणी वाढलं जात असेल तर बोला.

आठवीनंतर काय? आरटीईतून शिकलेल्या मुलीची नववीची फी ४०,००० सांगितली.

इथे कायदा हात सोडतो. आरटीई आठवीपर्यंतच आहे. हे सहावीतच ध्यानात घ्या. नववीला अनुदानित शाळा बघून ठेवा आणि आठवीत एनएमएमएस या केंद्राच्या शिष्यवृत्तीच्या परीक्षेला बसवा. सरकारी, स्थानिक संस्थांच्या आणि अनुदानित शाळेत शिकणाऱ्या, पालकांचं उत्पन्न साडेतीन लाखांच्या आत असलेल्या मुलांसाठी ती आहे. नववी ते बारावी वर्षाला १२,००० रुपये मिळतात. खाजगी विनाअनुदानित शाळेतल्या मुलाला ती मिळत नाही, हे आरटीईवाल्या पालकांना फार उशिरा कळतं.

आई किंवा वडिलांकडे विडी कामगाराचं ओळखपत्र असेल तर केंद्राच्या कामगार कल्याण खात्याची शिष्यवृत्ती राष्ट्रीय शिष्यवृत्ती पोर्टलवर भरता येते. १९७६ च्या कायद्याने त्यासाठी विडीवर उपकर बसवला होता. २०१७ मध्ये जीएसटी आला तेव्हा तो उपकर गेला. योजना उरली, पण तिचा स्वतःचा झरा आटला.

शाळेने फी बाकी आहे म्हणून दाखला अडवला. तक्रार कुठे?

आधी लेखी अर्ज मुख्याध्यापकांना, पोच घेऊन. दाखला तात्काळ द्यायचा असतो, उशीर करणाऱ्या मुख्याध्यापकावर शिस्तभंगाची कारवाई होऊ शकते. दाद लागली नाही तर गावात गटशिक्षणाधिकारी आणि जिल्हा परिषदेचे शिक्षणाधिकारी, शहरात महापालिकेचे प्रशासनाधिकारी. आरटीईच्या कलम ३२ खाली लेखी तक्रार आली की स्थानिक प्राधिकरणाने तीन महिन्यांत निर्णय द्यायचा. पटला नाही तर राज्य बालहक्क संरक्षण आयोगाकडे अपील. कागद हवे असतील तर माहिती अधिकारात अर्ज करा, फी १० रुपये, दारिद्र्यरेषेखाली असाल तर तीही नाही, उत्तर ३० दिवसांत.

अर्जात "विनंती" लिहा, "मेहेरबानी" लिहू नका. आणि दाखला हातात येईपर्यंत मुलाला घरी बसवू नका. त्याच दिवशी जवळच्या सरकारी शाळेत न्या, प्रवेश घ्या, पटावर नाव चढवा. गेल्या वर्षी आमच्या गल्लीतली एक मुलगी अशीच दाखल केली. दाखला यायला चार महिने लागले. तोवर तिची सहामाही झाली होती आणि ३० सप्टेंबरच्या पटात ती मोजली गेली होती.